गैरसमजातून दिलेली तक्रार

माझ्या भावाची फारकत दोनदा झाली. आधी नांदेडला वहिनीच्या माहेरी बैठक बसली, पंचांनी तुराटीची काडी मोडली आणि भांडी, कपाट, पलंग मोजून वहिनीला परत दिले. मग लातूरच्या कोर्टात दोघांनी राजीखुशीनं सह्या केल्या. दादा म्हणाला, "सुटलो बाबा!" पुढं त्याचं दुसरं लग्न झालं, वहिनीलाही हदगावचं स्थळ मिळालं. झालं, मिटलं, असं सगळेच धरून चालले.

मिटलं नव्हतं. फारकतीच्या आधी वहिनीनं छळाची फिर्याद दिली होती. त्या फिर्यादीत दादा होता, आई होती आणि मीही होते. मी तर तेव्हा बिलोलीला सासरी नांदत होते. पण लग्नपत्रिकेत कशी घरातल्या झाडून सगळ्यांची नावं घालतात, तशीच फिर्यादीतही घालायची आमच्याकडं रीत आहे. काडी मोडली की तीही आपोआप संपते, अशी पंचांची समजूत. आमचीही तीच!

मला अंगणवाडी पर्यवेक्षिकेची नोकरी लागली तेव्हा पोलिसांकडून पडताळणी झाली. हवालदार म्हणाला, "मॅडम, तुमच्यावर गुन्हा हाय." माझं डोकंच फिरलं. वकिलानं सांगितलं, हा खटला नवरा-बायकोचा नसतो, सरकारचा असतो. तो संभाजीनगरच्या हायकोर्टातूनच रद्द करून घ्यावा लागतो आणि त्याला वहिनीची संमती लागते. नोकरीत रुजू व्हायची मुदत तर डोक्यावर आली होती.

दादाला म्हटलं, जा. तर म्हणाला, "काडी मोडल्यावर त्या उंबऱ्याला कोण जातंय?" वा रे वा! गुन्हा माझ्यावर आणि रीत याची. मग मीच हदगावची एसटी धरली.

वहिनी अंगणात कापूस वाळवत होत्या. त्यांनी पाणी दिलं, सगळं ऐकून घेतलं. मी पुढं केलेलं शपथपत्र सावकाश वाचलं आणि एका ओळीवर बोट ठेवलं. 'सदर तक्रार गैरसमजातून दिली होती.'

"हे कुणी लिहिलं?"

"वकिलानं. असंच लिहितात म्हणे."

"मी येते. तुझी नोकरी जाऊ देणार न्हाई. पण ही ओळ काढ."

वकील कुरकुरला, दादा तर भडकलाच, पण ओळ काढली. खरं सांगते, मला त्या ओळीचं काही वाटत नव्हतं. मला नोकरी पाहिजे होती.

हायकोर्टात वहिनी नवऱ्याबरोबर आल्या. आमच्याकडं बघितलंही नाही. न्यायाधीशांनी मराठीतच विचारलं, गैरसमज झाला होता का? मी देवाचा धावा करत होते, हो म्हणा, एकदाचं हो म्हणा! वहिनी म्हणाल्या, "न्हाई साहेब. मी लिहून दिलं ते खरं होतं. नणंदेचं नाव तेवढं उगाच पडलं. आता मला खटला चालवायचा न्हाई, सुखात हाय मी." न्यायाधीशांनी मान हलवली आणि गुन्हा रद्द केला.

परतीच्या वाटेवर दादा गाडी हाणत होता आणि तोंडही सुरूच होतं. "भर कोर्टात नाक कापलं! लई शहाणी समजती सोताला." मी शेजारी बसले होते. नोकरी वाचल्यानं जीव भांड्यात पडला होता, गप्प बसले असते तरी चाललं असतं. पण एकदम लक्षात आलं, बैठकीत पंचांनी पलंगाच्या गाद्यासुद्धा विचारल्या होत्या, आणि ही एक गोष्ट कुणीच विचारली नव्हती. मीही नाही.

"दादा, तू मारत होतास का रे वहिनीला?"

त्यानं गिअर बदलला. मागच्या सीटवर आई होती. इतकी वर्षं पोलिसांना, पंचांना, मला ती एकच गोष्ट सांगत आली होती, माझ्या लेकानं बोट लावलं न्हाई.

"हाव, मारायचा," आई म्हणाली.