घासातले नाकतोडे

लसूणघासाचा ओला भारा जवळून गेला की धरणगावची एक सकाळ आठवते. ऐंशीच्या दशकाचा शेवट असावा. तोडलेल्या बाभळीवरून पडलेला सरडा थोरल्या बहिणीने जाळीच्या पेटीत पाळला होता. ती कॉलेजात प्राणिशास्त्र शिकत होती. चार दिवस त्याने मेलेल्या माश्यांकडे पाहिलेही नाही. त्याला हलणारे, जिवंत किडेच लागतात, हे तिने पुस्तकात वाचले आणि आम्ही कपाशीतून डबाभर नाकतोडे धरले. शेजारच्या तुकड्यात घास कापणाऱ्या अक्का हसल्या. "सरडाले जेवण का? पन ती कपाशी कालच फवारेल शे. पाव्हणा मरी जाई तुमना. मन्हा घासमातला धरा." बहिणीने डबा तिथेच उलटा केला. घासातून सात हिरवे नाकतोडे मिळाले. आम्ही धावतच घरी आलो आणि पहिला पेटीत सोडला. सरड्याचा एक डोळा वळला, मग दुसरा. पुढच्या क्षणी फांदीवर नाकतोडा नव्हता. "खाल्ला," बहीण म्हणाली आणि तिने माझे मनगट घट्ट आवळले. "जीभ बघितलीस?" मी बघितली नव्हती. उरलेले सहा मी पापणी न हलवता, एकेक करून सोडले. सहाही त्याने खाल्ले. जीभ कशी दिसते, ते मला आजही सांगता येत नाही.