बांगडीएवढा वेढा

कापसाच्या त्या वाईट वर्षांत आमच्या जिल्ह्याच्या बातम्यांना बाहेर मागणी आली. मी तेव्हा यवतमाळात एका दैनिकाच्या जिल्हा कचेरीत उपसंपादक होते. एरवी आतल्या पानावर दोन ओळींत संपणारी वणी, कळंब, ढाणकीची नावं पहिल्या पानावर जाऊ लागली. दूरच्या शहरांतले वार्ताहर कॅमेरे घेऊन यायचे, आमच्याच खुर्च्यांवर बसून फोटो पाठवायचे आणि फोटो अर्ध्यात अडकला की माझ्याकडे बघायचे.

माझ्याकडे, कारण लाइन मला लागायची. पानं नागपूरला छपाईला जायची ती टेलिफोनच्या तारेवरून, मोडेमनं. मोडेमची किरकिर ऐकून जोडणी टिकेल की तुटेल हे मला कळायचं. मशीनच्या खोलीची किल्ली नऊ वर्षं माझ्या जुडग्यात होती. संध्याकाळी सहाला डाक आवृत्तीची, म्हणजे बाहेरगावी आधी निघणाऱ्या अंकाची, पानं सुटायची, पाचपासून कचेरीत एकच प्रश्न फिरायचा, "ताई, लाइन लागली का?" कचेरीत मी एकटीच बाई. त्या प्रश्नाची मला सवय होती आणि ती सवय आवडतही होती.

मग ऑप्टिकल फायबर आलं आणि ते जोडायला ती आली. वणीची, विशीतली, डिप्लोमा झालेली. वडील कोळशाच्या खाणीत वायरमन. कचेरीनं तिला तीन महिन्यांच्या बोलीवर घेतलं होतं. पहिल्याच दिवशी तिनं शिडी मागितली, ओढणी कमरेला बांधली आणि खिडक्यांच्या गजांवरून, खिळ्यांवरून, पंख्याच्या हुकावरून गेलेल्या आमच्या सगळ्या वायरी उतरवल्या. त्यातल्या निम्म्या मी टाकून घेतलेल्या. दुपारी दारात ढीग पडला.

"बाप्पा! एवढ्या वायरी?" शिपाईकाका म्हणाले. "याच्यात तं बैल बांधता येते."

"कामाच्या तीनच होत्या, काका. बाकीच्या कुठीच जात नव्हत्या."

सगळे हसले. मी मान खाली घालून प्रूफ वाचत राहिले.

आठवड्याभरात भिंतींवर केसिंग-पट्ट्या आल्या, प्रत्येक टेबलामागे सॉकेट आलं. मशीनच्या खोलीत लोखंडी रॅक बसला आणि त्यात पॅच पॅनेल, म्हणजे चोवीस खाचांची पट्टी. सगळ्या टेबलांच्या केबली तिथे येऊन मिळायच्या. प्रत्येक केबलच्या दोन्ही टोकांना तिनं एकच नंबर चिकटवला.

"एकाच टोकाले नंबर लावून कायचा फायदा, ताई? दुसरं टोक शोधाले सारी कचेरी फिरा लागते."

माझं टेबल सात नंबरचं झालं. सवड मिळेल तशा मी दोन दिवस तिच्या चिठ्ठ्या तपासल्या, एक टोक इकडचं, एक तिकडचं. चुका शोधणं हेच माझं काम होतं. एकही सापडली नाही.

फायबर रॅकपर्यंत यायचं ते पिवळ्या केबलीतून. आत केसासारखी काचेची तार आणि तिच्यातून जाणारा उजेड. जास्तीची केबल तिनं भिंतीतल्या हुकाला मोठ्या, सैल वेढ्यांत टांगली होती. वार्ताहराच्या मजकुरातली फालतू ओळ खुपावी तशी ती मला खुपायची.

"एवढी कापून टाक ना," मी म्हणाले.

"नाई, ताई. पुढंमागं जोड मारा लागला तं लागते."

"मग नीट गुंडाळ तरी."

तिनं हातातली एक हिरवी बांगडी काढली. "काच हाय आतमंदी. जास्त वाकवली तं उजेड वळणावरच बाहेर सांडते. याच्याहून लहान वेढा नाई पाहिजे." आणि बांगडी माप म्हणून त्याच हुकाला अडकवून ठेवली. दोन-सहा मापाची होती. घरी जाऊन माझी मोजली; तीही दोन-सहाच.

आमच्या ब्यूरो चीफनी ती बांगडी येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवली. मी आवाजावरून लाइन ओळखते हे त्यांनी नऊ वर्षांत कुणाला सांगितल्याचं मला आठवत नाही.

"महिनाभर लाइन एकदाही पडली नाई," ते सगळ्यांसमोर म्हणाले, "तं पोरगी कामावर पक्की. मशीनची खोली तिच्या ताब्यात. ताई, तुमच्या जिवाचा ताप गेला पाहा."

ते माझ्या भल्याचंच बोलत होते. किल्ली गेली की मी पूर्णवेळ प्रुफांवर. लाइन पडल्याच्या नोंदीची वही मात्र माझ्याकडेच राहिली होती. तारीख, वेळ, कारण, सही असे चार रकाने. मी रोज सकाळी आल्या आल्या ती उघडायचे. सव्वीस दिवस पान कोरं होतं.

सत्ताविसाव्या दिवशी ती बहिणीच्या साखरपुड्याला वणीला गेली. दुसऱ्या दिवशी नागपूरहून संपादक येणार होते. खोली आवरून ठेवा, असं चीफनी मला सांगितलं. मी रॅक पुसला, जुने कागद काढले आणि हुकापाशी आले. पिवळी केबल दोन बोटांवर गुंडाळून लहानशी लड केली आणि कॉपीचे गठ्ठे बांधायच्या पांढऱ्या दोऱ्यानं करकचून दोन गाठी मारल्या. नीटनेटकं दिसत होतं. लाइन पाडावी म्हणून मी ते केलं नाही. पण बांगडी आड येत होती, ती आधी काढून मी खणात ठेवली होती.

त्या संध्याकाळी पानं वेळेत गेली. बांगडीचं निव्वळ नाटक होतं, असं मी मनाशी म्हटलं आणि बऱ्याच दिवसांनी मला बरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी चार वाजता, संपादक चीफच्या केबिनमध्ये चहा घेत असताना, लाइन पडली.

ती सकाळीच वणीहून परत आली होती. तिनं माझं सॉकेट पाहिलं, पॅनेल पाहिलं, मग पिवळी केबल जिथे लागायची त्या फायबरच्या डब्याकडे वळली. त्याचा हिरवा दिवा विझला होता. तिनं केबलचं टोक काढलं आणि त्याला पेनासारखी एक लाल उजेडाची बॅटरी लावली.

"काका, ट्यूबलाइट बंद करा जरा."

काकांनी बटण दाबलं, खिडकीही लोटली. हुकावरची लड आतून लाल झाली होती. पुढे जायचा उजेड तिथेच सांडत होता; काल जेमतेम पुरला, आज पुरला नाही.

तिनं वाकून दोरा पाहिला. तसा दोरा कचेरीत फक्त माझ्या टेबलावर असायचा. तिनं तो कापला नाही. दोन्ही गाठी नखांनी सोडवल्या, वेढे मोकळे केले, टोक परत डब्यात लावलं. हिरवा दिवा लागला. दोरा तिनं माझ्या हातात दिला.

"माही बांगडी कुठी हाय, ताई?"

"खणात," मी म्हणाले.

एवढ्यात चीफ दारात आले. "काहून पडली? आजच पडाची होती का?"

"केबल दबलती, सर. म्या आल्या आल्या पाहाले पाहिजे होतं."

"मंग आता महिना आजपासून मोजू," चीफ म्हणाले आणि गेले.

तिनं मान हलवली. माझं नाव घ्यायला तिला एक वाक्य पुरलं असतं. तिच्या जागी मी असते तर घेतलं असतं, हे मला तिथेच कळलं आणि तिच्याबद्दल जे वाटत होतं ते आणखी कडू झालं.

सहाला पानं सुटल्यावर मी वही उघडली. मागच्या पानांवर माझंच अक्षर होतं. पावसानं जोड भिजला. उंदरानं वायर कुरतडली. एके ठिकाणी, माझा पाय लागून प्लग निघाला. कारणाच्या रकान्यात मी जे घडलं ते सोडून कधी काही लिहिलं नव्हतं. खोटं लिहायला तिच्यावरून सुरुवात करायची, हे मला जमेना. मी लिहिलं: फायबरची केबल घट्ट बांधल्यानं. बांधली मी. मापाची बांगडी आधी काढून ठेवली होती. सही केली.

चीफ वही शनिवारी बघायचे. त्या शनिवारी ती हातात घेऊनच ते बाहेर आले.

"ताई, हे काय लिवलं?"

"झालं ते."

"म्हणजे पोरीची चूक नाई."

"नाही."

त्यांनी वही मिटली. मग म्हणाले, "तं महिना पुरा झाला समजाचा. किल्ली देऊन टाका तिले."

मी जुडगा काढला. त्याची कडी पहिल्यापासून घट्ट. नख घातलं की नखच दुमडायचं. दोनदा प्रयत्न केला. सगळे बघत होते.

"द्या इकडं, ताई," ती म्हणाली. खिशातला बारीक पेचकस कडीत घालून तिनं किंचित पिळला. किल्ली निसटून तिच्या तळहातावर पडली.

कडी आणि उरलेल्या किल्ल्या तिनं मला परत दिल्या. मी टेबलाशी, सात नंबरला, येऊन बसले आणि पेचकसानं कडी वाकली आहे का ते उजेडात धरून पाहिलं. वाकली नव्हती.