लायसन्स त्याचं, पायपीट आमची

परवा गोरेगाव पूर्वेला आमच्या जुन्या चाळीच्या रस्त्यावरून गेले. कोपऱ्यावरच्या रेशन दुकानाच्या जागी आता मोबाईलची कव्हरं मिळतात… तरी तो गाळा बघून माझं डोकं फिरलंच. इतकी वर्षं झाली, राग काही जात नाही.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. दुष्काळ, महागाई, आणि रेशनवर ती परदेशातून आलेली तांबडी मिलो ज्वारी… तिची भाकरी घशाखाली उतरायची नाही, पण तीही पुरती मिळायची नाही. घरी येऊन बघावं तर पिशवी हलकी. आईनं विचारलं की दुकानदार म्हणायचा, "पिशवीला भोक असेल, वहिनी."

एक दिवस आईनं भर रांगेत हात पुढे करून धान्याच्या पारड्याच्या बुडाशी बोटं फिरवली. मेण! चांगला लिंबाएवढा गोळा चिकटवलेला. मग काय… चाळीतल्या सगळ्या बायका तशाच रेशनिंग ऑफिसात. साहेबांनी लगेच त्याचं लायसन्स निलंबित केलं, आणि आम्ही चाळीत गूळखोबरं वाटलं.

आणि मग आमचीच वाट लागली…

आमची कार्डं रेल्वे फाटकापलीकडच्या एका दुकानाला जोडली. तो आधी त्याच्या जुन्या कार्डवाल्यांना देणार, उरलं तर आम्हाला. "संपलं, पुढच्या हप्त्यात या"… आणि हप्ता गेला की त्या हप्त्याचं धान्य बुडालं.

आई तेव्हा पोटुशी होती. पाय सुजून टम्म. एका हातात पिशवी, दुसऱ्या हातात रॉकेलचा डबा घेऊन ती फाटक उघडायची वाट बघत उन्हात उभी राहायची. आणि मेणवाला? तो घरी पंख्याखाली बसून वकिलाशी बोलत होता.

तो गेला हायकोर्टात. म्हणणं एवढंच, की मला नोटीस दिली नाही, माझं ऐकून घेतलं नाही. आई म्हणाली, मी येते कोर्टात, मेणाचं सांगते. शेजारचे काका कोर्टात कारकून होते. ते म्हणाले, "वहिनी, तिथं मेणाचा विषयच नाही. नोटीस दिली का, एवढंच विचारतील." नोटीस साहेबांनी दिलीच नव्हती. घाईत राहिली की मुद्दाम दिली नाही, देव जाणे.

वर कहर म्हणजे त्याचा मेहुणा एक अर्ज घेऊन चाळीत दारोदार फिरला. दुकान बंद असल्यानं आमची गैरसोय होते, ते लवकर सुरू व्हावं… खाली सह्या. कोर्टात दाखवायला! आईनं पहिल्यांदा त्याला हाकलून लावलं. पण पुढच्याच हप्त्यात ती फाटकाजवळ चक्कर येऊन पडली. पोटातल्या बाळाला काही झालं नाही, पण डबा लवंडला, हप्त्याचं रॉकेल मातीत गेलं.

मेहुणा पुन्हा आला. आईनं अर्ज दोनदा वाचला. त्यात खोटं एक अक्षर नव्हतं, हीच तर चीड! सही करताना ती तिच्या मालवणीत एवढंच म्हणाली, "सही करतंय… पण इसरूचंय नाय."

निलंबन रद्द झालं. पुन्हा नीट नोटीस देऊन चौकशी करायला ऑफिस मोकळं आहे, असंही कोर्टानं लिहिलं होतं म्हणे. साहेबांची बदली झाली, आणि ती चौकशी कुणी केलीच नाही. चोराचंही ऐकून घ्यावं, हे आज मला पटतं. पण मग आमचं कुणी ऐकायचं होतं? ते कुठल्या कायद्यात बसतं?

दुकान उघडलं त्या दिवशी तराजूला झेंडूचा हार घातला होता. आईला बघून दुकानदार हसला. "या वहिनी! आलात ना शेवटी?"

"तुझ्यासाठी नाय, माझ्या पायांसाठी इलंय," आई म्हणाली. "तो हार काढ. आणि आदी रिकामो काटो दाखव."

तो चिडला, रांग खोळंबतेय म्हणाला. आई जागची हलली नाही. शेवटी त्यानं हार काढला आणि रिकामा तराजू उचलून धरला. दोन्ही पारडी एका रेषेत आल्यावरच आईनं पिशवी पुढे केली. मागची बाई आली, तीही म्हणाली, "रिकामा काटा दाखव." तिच्या मागचीही तेच… त्या दिवशी दुपार कलली तरी रांग संपली नाही, आणि एकाही बाईनं कुरकुर केली नाही.

तो गाळा विकून जाईपर्यंत प्रत्येक हप्त्याला त्याला तो काटा उचलावा लागला.

आई आता नाही. भाजीवाल्याकडे मी आजही आधी रिकामा काटा बघते, सूनबाई हसते… हसू दे. त्या अर्जावरची आईची सही आठवली की अजून संताप होतो. ती सही तिच्याकडून ज्यांनी करवून घेतली, त्यातल्या एकालाही मी माफ केलेलं नाही.