हिवराखालची जागा

कौशल्या मोठीआई रोज सकाळी दातून तोडायची, पण लागोपाठ दोन दिवस एकाच झाडाचं कधी नाही. करंगळीएवढी काडी मोडायची, काटे अंगठ्याच्या नखानं खुडून टाकायचे, टोक दाढेखाली धरून दोनदा चावायचं आणि बाजूला थुंकून सांगायचं, "बाभूळ. नाल्याजवळची." कुणी विचारलेलं नसायचं. दुसऱ्या दिवशी, "हिवर." तिसऱ्या दिवशी कडुनिंब असला तर काही बोलायची नाही. कडुनिंब कोणीही ओळखतो, त्यात काय सांगायचं.

मोठीआई म्हणजे माझ्या वडिलांच्या मोठ्या भावाची बायको. मोठेबाबा, म्हणजे नत्थुजी, ओट्यावर चहा पीत बसलेले असायचे. ते म्हणायचे, "झाडाची चव घेऊन येते अन मंग माह्या चहाले नावं ठेवते."

"चहाले नाई ठेवत. करनाऱ्याले ठेवते," ती म्हणायची. सकाळचा चहा मोठेबाबाच करायचे.

आमचं गाव चांदूर रेल्वेपासून आठ किलोमीटर आत आहे. गावातून शेताकडे जाते ती पांदण, दोन्ही बाजूंच्या धुऱ्यांमधली, म्हणजे शेतांच्या बांधांमधली, जेमतेम बैलगाडीची वाट. लहानपणी मला त्या वाटेवरचं सगळं काटेरी एकच दिसायचं. एकदा मी असंच बोट दाखवून म्हटलं, "किती बाभळी आहेत गं इथे!"

ती थांबली. "गावातल्या साऱ्या बायाईले तू मोठीआई म्हनतं का?"

"नाही."

"मंग यायलेच काहून एका नावानं बोलावतं?"

त्या दिवसापासून माझी शिकवणी सुरू झाली. तिच्याकडे वही नव्हती, पण क्रम होता. आधी साल, मग काटा, मग फूल, शेवटी शेंग. बाभळीची साल काळी आणि उभी फाटलेली. काटे लांब, सरळ, पांढरे, जोडीजोडीनं. फूल म्हणजे पिवळाधमक गोंडा आणि शेंग प्रत्येक बीजवळ आवळलेली, मण्यांच्या माळेसारखी. बाभळीतही तिच्या मते तीन घरं होती. तेलिया चांगल्या घरची, तिच्या लाकडाचा वखर म्हातारा होत नाही. कौडीची साल जास्तच भेगाळलेली, लाकूड कमजोर, "चुलीत घालाले बरी." रामकाठीच्या फांद्या पसरत नाहीत, सगळ्या वर जातात, उभ्या धरलेल्या झाडूसारख्या. रामकाठी दिसली की ती म्हणायची, "हे शिकलेलं झाड हाये. कोनाच्या अंगाले अंग लागू देत नाई."

खैर आमच्या पांदणीत एकच होता. त्याचा काटा आखूड आणि आकड्यासारखा वळलेला. "खैर टोचत नाई, पदर धरते. खैरानं धरलं तर मांगं सरकाचं, समोर ओढाचं नाई." तिचं जुनं लुगडं त्याच्या फांदीवर चिंधी होऊन कितीतरी दिवस लोंबकळत होतं.

आणि वेडी बाभूळ. ती या घराण्यातलीच नाही, असं मोठीआईचं ठाम मत. बाहेरून आली, पाय पसरले. फुलाचा गोंडा होत नाही, लांबट तुरा लोंबतो. शेंग पिवळी, जाड, गोड. बकऱ्या ती खातात आणि जातील तिथे बी टाकतात. तिचा काटा पायात मोडला तर पाय पिकतो. पुढे अमरावतीला एम.ए.ला असताना एका मैत्रिणीनं वनस्पतिशास्त्राच्या पुस्तकात मला दाखवलं की वेडी बाभूळ खरंच वेगळ्या जातीची. मी राजापेठेतल्या खोलीवरून फोन करून हे सांगितलं. ती म्हणाली, "पुस्तकवाल्याले आत्ता समजलं का?"

पण तिचं झाड यातलं कुठलंच नव्हतं. तिचं झाड होतं हिवर.

पांदण जिथे आमच्या वावराकडे वळते, तिथे तो उभा होता. साल पांढुरकी पिवळी, दुरूनही उजळ दिसणारी. भादव्यात त्याला फिक्या पिवळ्या फुलांचे मोठे झुबके यायचे आणि झाडाखाली मधमाश्यांचा आवाज भरून राहायचा. सावली गर्द. पण त्या सावलीत कोणी बसत नसे. हिवराची सावली अंगाला लागते, असं आमच्याकडे सगळे मानतात. का, ते कोणालाच सांगता येत नाही.

मोठीआई लग्न होऊन आली तेव्हा सतरा वर्षांची होती. दुपारच्या भाकरीला पुरुष विहिरीजवळच्या कडुनिंबाखाली बसायचे, सासू आणि जावा वाटेवरच्या दोन तेलिया बाभळींखाली. ही सगळ्यांना वाढायची. हिची स्वतःची भाकरी हातात येईपर्यंत सावलीत जागा उरलेली नसायची. एक दिवस ती फडकं घेऊन सरळ हिवराखाली जाऊन बसली.

"काही झालं नाही?" मी तिला विचारलं होतं.

"झालं ना. जेवन पचलं."

नंतर सासू गेली, जावा वेगळ्या झाल्या, बाभळींखाली हवी तेवढी जागा झाली. तरी ती हिवराखालीच बसायची. घरात तिची म्हणून एक पेटीसुद्धा नव्हती, सगळं सगळ्यांचं होतं. "इथं कोनी येत नाई," ती म्हणायची. तक्रारीच्या नव्हे, सुखाच्या आवाजात.

माझी शेवटची परीक्षा झाली त्या उन्हाळ्यात पांदण मोकळी करायचं ठरलं. ते सगळ्यांनाच हवं होतं, मोठीआईलाही. वेड्या बाभळीनं वाट इतकी आवळली होती की पावसाळ्यात खताची पोती डोक्यावर न्यावी लागत. सरपंच साधनाताई सांगायला घरी आल्या. "काटेवालं सारं काढून टाकतो, मावशी. एकदाच साफ."

"काटेवालं सारं म्हनतं, तर मले बी काढा लागन तुले."

साधनाताई हसल्या. "मंग ठेवाचं कोनतं ते खून करून ठेव तू. परवा जेसीबी मशीन येते."

मोठीआईच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. ऑपरेशन ती दर हंगामाला पुढे ढकलत होती. आधी पेरणी, मग निंदण, मग वेचणी. पीठ उडाल्यासारखं दिसते, म्हणायची. मोठेबाबा म्हणाले, "तुले सोताचा नवरा ओळखू येत नाई, झाडं काय ओळखशीन?"

"नवऱ्याले चाखून पाहता येत नाई ना," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी मी चुन्याची बादली आणि कुंचा घेतला. प्रत्येक झाडाला ती हात लावायची. तळवा सालीवर ठेवून थोडा वेळ तसाच राहू द्यायची. शंका आली तर काडी मोडून चावायची. मग म्हणायची, "लाव," आणि मी बुंध्याला चुन्याचा पट्टा ओढायची. चुना का, हे आम्ही एकमेकींना विचारलं नाही. आमच्या गावात जपायच्या झाडालाच चुना लावतात. मारुतीजवळच्या पिंपळाला आहे, शाळेतल्या कडुनिंबाला आहे. संध्याकाळपर्यंत सदतीस झाडं झाली. हिवराला तिनं स्वतः पट्टा ओढला, जरा वाकडा.

मशीन आलं त्या सकाळी आम्हाला निघायला उशीर झाला, कारण मशीनवाल्यासाठी ती भाकरी आणि झुणका करत बसली होती. पांदणीच्या तोंडाशी पोचलो तेव्हा पुढून इंजिनाचा आवाज येत होता. मला फक्त धूळ दिसत होती. मोठीआई एकदम थांबली.

"हा वेडीचा वास नाई."

मलाही तो वास आला. ओला, तुरट, चांभाराच्या कुंडीतल्या कातड्यासारखा.

"बाभूळ पाडली त्यानं," ती म्हणाली आणि डबा माझ्या हातात देऊन चालू लागली. तिला इतकं भराभर चालताना मी पाहिलं नव्हतं.

त्या दोन्ही तेलिया बाभळी आडव्या झाल्या होत्या. बुंध्यावरचे पांढरे पट्टे आभाळाकडे तोंड करून. बाजूच्या वेड्या बाभळी शाबूत उभ्या होत्या. मशीन पुढच्या झाडाशी पोचलं होतं. त्याच्यापुढे चुना लावलेली आणखी तीन झाडं, आणि मग वळणावर हिवर.

मी हात हलवून ओरडले. मशीन थांबलं. चालवणारा खाली उतरला. नितेश नाव, अकोटचा, तिशीतला.

"काय करून राहिला रे तू?" मोठीआई म्हणाली.

"काय म्हंजे? खून केली तेच पाडून राहिलो ना, मावशी."

"खून ठेवाले केली!"

"ठेवाले?" तो माझ्याकडे पाहू लागला. "चार वर्सं रस्त्याच्या कामावर होतो मी. पट्टा मारला म्हंजे झाड गेलं. कोनी काही सांगतलंच नाई, मले तं वाटलं, वा, गावातले लोक हुशार हायेत, आधीच मारून ठेवले पट्टे."

"मारोतीजवळच्या पिंपळाले चुना हाये. तो बी पाडशीन?"

"आता इचारूनच पाडतो, बाप्पा."

मोठीआई पडलेल्या बाभळीजवळ खाली बसली. तिच्या सासूची, जावांची सावली. तिनं सालीवर हात ठेवला, काल ठेवला होता तसाच. मला वाटलं ती रडेल. तिनं विचारलं, "भाकर खाल्ली का?"

त्यानं भाकरी खाल्ली. खाताना म्हणाला, "पन मावशी, पट्टा दिसला का माहा हात पाडालेच जाते, चार वर्सांची सवय. मले तं साऱ्या सारख्याच दिसतात."

तिनं पडलेल्या झाडाची एक काडी मोडून त्याच्यापुढे धरली. "चाव."

त्यानं चावली. तोंड आवळलं.

तिनं शेजारच्या वेड्या बाभळीची काडी दिली. तो चावून थुंकला. "हे काही तरी वेगळंच हाये."

"येवढं समजलं तं बस."

"माही माय करे बाभळीचं दातून," तो म्हणाला. पहिली काडी त्यानं टाकली नाही. तोंडात धरूनच तो मशीनवर चढला.

त्यानंतर दोन दिवस मोठीआई मशीनच्या पुढे चालली. हातात काठी, डोक्यावरून पदर. झाडाला हात लावायची आणि मागे न बघता ओरडायची, "ठेव." "घे." "घे." "हेबी घे." "ठेव." खैराशी आली तेव्हा त्यानं पदर धरला. ती मागे सरकली, सोडवून घेतला आणि म्हणाली, "ठेव याले."

वळणावर तिनं हिवराला तळवा लावला आणि तसाच राहू दिला. इंजिन घुरघुरत होतं. नितेशनं वाट पाहिली. मग वरून विचारलं, "मावशी, ठेव का घे?"

"हे माहं हाये," ती म्हणाली.

त्यानं मशीन फिरवलं. आमच्या पांदणीला तिथे आता मोठा बाक पडला आहे. ट्रॅक्टरवाले कुरकुरतात, पण वळतात.

एक चूक मात्र राहिली. खैराच्या पुढे तिनं एका झाडाला ठेव म्हटलं, ती वेडी बाभूळ निघाली. पावसाळ्याआधी तिला तुरे लोंबले आणि मोठेबाबांना आयतंच सापडलं. "काय वं, येवढी जानकार तू! ठेवली ना वेडी!"

"चुकली असन. मानूस चुकत नाई का?" ती म्हणाली. "तुमी नाई का भेटले मले."

वाट मोकळी झाली. त्या वर्षी खत गाडीनं गेलं. भादव्यात हिवराला झुबके आले, मोठीआईला ते दिसले नाहीत, पण माश्यांचा आवाज तिनं मला फोनवर ऐकवला. मला फक्त वारा ऐकू आला. ऐकू येते का, तिनं विचारलं, आणि मी हो म्हटलं.

कार्तिकात वेचणीच्या दिवसांत मी घरी गेले. दुपारी भाकरी घेऊन आम्ही दोघी वळणापाशी आलो. हिवराखाली वेचणाऱ्या सात-आठ बाया बसल्या होत्या. डबे उघडलेले, कापसाची ओझी बुंध्याला टेकवलेली. कडुनिंबाखाली अजून पुरुषच बसत आणि तेलिया बाभळींची सावली गेली, तेव्हा त्यांना दुसरी जागा नव्हती. मैनाबाई म्हणून त्यांच्यातली वयस्क बाई हसून म्हणाली, "कौशल्याबाईले चाळीस वर्सं काही झालं नाई, मंग आमाले काय होते?"

मोठीआई उभी राहिली. तिला चेहरे दिसत नसणार. आवाज ऐकू येत असणार, डब्यांचे, बांगड्यांचे, कोणाच्या तरी खोकल्याचे. कोणी येत नाही म्हणून जी जागा तिची झाली होती, तिथे आता सगळ्या होत्या. मी तिच्या कोपराला हात लावला. आपण कडुनिंबाखाली जाऊ, असं म्हणणार होते.

पौषात ती गेली. ऑपरेशनची तारीख त्याच्या पुढच्या आठवड्यातली होती. मोठेबाबांशी, डॉक्टरांशी ती नंतर काय काय बोलली असेल, ते मला माहीत नाही. मी तिला शेवटचं पाहिलं ते हिवराखालच्या त्या दुपारीच. मला चारची एसटी पकडायची होती आणि मी डबा न उघडताच निघाले. निघताना मागे वळून पाहिलं, तर ती काठीनं बुंधा चाचपत होती, ओझ्यांमधून वाट काढत.

"सरका वं बायाहो जराशा," ती म्हणत होती. "मले बी टेकू द्या."