दोष मान्य
ही केस आठवली की माझी मान आजही खाली जाते. आरोपी पकडल्याबद्दल शाबासकी मिळाली होती, तरीही.

मी पोलीस ठाण्याचा प्रभारी होऊन आलो, तेव्हा एक घरफोड्या बरीच वर्षं फरार होता. सरकारी दवाखान्यात तपासणीला नेलेला असताना तो पळाला होता. त्याला घेऊन गेलेल्या कैदी पार्टीत एक जमादार आणि एक शिपाई होते. बेडी आपणच काढली, असा दोष शिपायाने विभागीय चौकशीत मान्य केला आणि तो बडतर्फ झाला. पैसे खाऊन सोडलं, असंच सगळे धरून चालले. सकाळच्या हजेरीला मी पोरांना त्याचंच उदाहरण द्यायचो. म्हणायचो, पैसे खाल तर असं घरी बसाल.

एके दिवशी खबऱ्याने आजऱ्याहून फोन केला. "सायेब, काजूच्या कारखान्यात एक गडी हाय. खाकी दिसली की मागल्या दारानं सटकतोय बघा." आम्ही मागच्या दारालाच थांबलो आणि तो अलगद हातात आला.

चौकशीत मी पहिला प्रश्न विचारला, "शिपायाला किती दिलेस?"

तो हसला. "त्यो बिचारा केसपेपरच्या रांगेत हुता की. बेडी जमादारानं काढली. म्हनला, जेव लेकरा नीट. म्या जेवलो आन् पळालो."

आरोपी खोटं बोलतो ते स्वतःला वाचवायला. इथे खोटं बोलून त्याला काहीच मिळणार नव्हतं. तरी खात्री करून घेतली. दवाखान्याबाहेर डबे विकणाऱ्या मावशींनाही तसंच आठवत होतं. जमादार पेन्शन घेऊन, सुखाने वारलेही होते.

बडतर्फ शिपाई कोल्हापुरात मंगळवार पेठेत पिठाची गिरण चालवत होता. मी विचारलं, "नसलेला दोष कबूल का केलास?"

"जमादार रिटायर व्हायला आल्ते, सायेब. पेन्शन गेली असती त्यांची. समदे म्हनले, तू तरणा हाईस, कबूल कर, एखादी वेतनवाढ थांबंल आन् इषय संपंल."

आमच्या खात्यातली ही जुनी रीत. म्हाताऱ्याचं तरुणाने अंगावर घ्यायचं. मीही कित्येक पोरांना हाच सल्ला दिला होता, वर पाठही थोपटली होती.

मी वरिष्ठांना अहवाल पाठवला. उत्तर लवकर आलं. दोष स्वतः मान्य केलेला, अपील फेटाळलेलं, पुनरीक्षण अर्जही फेटाळलेला. प्रकरण अंतिम झालं आहे. नियमाने त्यात काही चूक नव्हती.

ते सांगायला गिरणीवर गेलो. तो भडकेल असं वाटलं होतं. त्याने गिरण बंद केली, हात झटकले आणि म्हणाला, "नोकरीचं जाऊ द्या. बा माझ्या घरचं पानी पीत न्हाई. म्या पैसं खाल्लं न्हाईत, तेवढं त्येला सांगता काय?"

शाहूवाडीच्या डोंगराकडेला त्याच्या वडिलांचं घर. म्हातारा भाताच्या खाचरातून चिखलाच्या पायांनी वर आला. "बसा पावणं," म्हणाला आणि आत चहा सांगितला. मी सगळं सांगितलं. तुमच्या मुलाने एक पैसा घेतला नाही, दुसऱ्याचं अंगावर घेतलं, असं स्पष्ट सांगितलं. त्याचे डोळे भरून आले.

"मग आता परत घेत्यात न्हवं कामावर?"

"नाही."

"आवो, खरं कळलंय की!"

"कळलं. पण प्रकरण संपलं आहे, बाबा."

तो माझ्याकडे बघत राहिला. "कुणाचं संपलं, पावणं?"

कबुली मिळाली की चौकशी अधिकारी खोलात जात नाही, हे मला नोकरीभर ठाऊक होतं. आम्हाला ते सोयीचंच होतं. त्या सोयीची किंमत कुणाच्या घरात भरली जाते, ते त्या ओसरीवर बसून कळलं. पुढे नोकरी होती तोवर मी एकाही पोराला 'कबूल कर' म्हणालो नाही. त्या शिपायाला त्याचा काय उपयोग?

चहा बाहेर आला, तेव्हा मी उठलो होतो. कोल्हापूरकडचा माणूस पाहुण्याला चहाशिवाय सोडत नाही. त्या म्हाताऱ्याने मला थांबवलं नाही.