लिफ्टरची जागा

सुदाम साळवे गेल्याला आता सव्वा महिना झाला. त्याच्या मुलीचा, मनीषाचा फोन आला तेव्हा मी वडीगोद्रीच्या माझ्या दुकानाचं शटर वर करत होतो. पप्पा गेले, एवढंच ती म्हणाली. त्या दिवशी रडलो. राग आला तो शोकसभेत, आणि तो अजून उतरलेला नाही. गावानं बॅनरवर छापलं होतं, 'उंच उडीचा वाघ, जोरदार स्मॅशर'. अरे, हा माणूस जन्मभर ज्या शिक्क्याशी भांडला, तोच त्याच्या फोटोखाली मारलात?

आमच्या व्हॉलीबॉल संघात लिफ्टर मी होतो. लिफ्टर म्हणजे नेटजवळ उभा राहून बॉल उचलून देणारा, कोणी मारायचं ते ठरवणारा. संघ त्याच्या डोक्यानं चालतो. आता माझं डोकं काही फार चालत होतं अशातला भाग नाही. नेट आमच्या घरचं, मैदान आमच्या कापसाच्या जिनिंगच्या मागचं आणि वडील सरपंच, बस्स. सुदाम बौद्धवस्तीतला. संघाला शिकवणाऱ्या, शाळेतल्या गुरुजींनी त्याला संघात घेतलं ते उडीसाठी. तुझ्या अंगात ताकद आहे, तू फक्त हाण, डोकं चालवायला बाकीचे आहेत, असं ते त्याला अगदी कौतुकानं सांगत, आणि त्यात आम्हाला काही वावगं वाटत नसे. मलाही नाही... हे लिहिताना आज लाज वाटते. सुदाम मात्र रोज सकाळी शाळेच्या भिंतीसमोर एकटाच बोटांवर बॉल घोटत राहायचा.

भोकरदनच्या स्पर्धेत, अंतिम सामन्यात माझा अंगठा मुरगळला. मी बाहेर आलो, बदली गडी आत गेला, पण तोवर सुदाम माझ्या जागेवर जाऊन उभा राहिला होता. गुरुजी बाहेरून ओरडू लागले, ह्याला दे, त्याला दे. सुदामनं वळूनही पाहिलं नाही. एक हात पाठीमागे नेला आणि उघडा पंजा दाखवला. थांबा, मी ठरवतोय. आणि मग त्यानं काय खेळवलं म्हणता! समोरचे अडवणारे दोघं एका टोकाला उड्या मारत राहायचे आणि बॉल दुसऱ्या टोकानं जाऊन पडायचा.

तरी आम्ही हरलो, दोन गुणांनी. परतताना एसटीत गुरुजी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, बघा, म्हणूनच सांगत होतो. त्याआधी मी लिफ्टर असताना कितीतरी सामने हरलो होतो. तेव्हा दोष नशिबाचा असायचा. सुदाम खिडकीबाहेर बघत होता. तसाच मला म्हणाला, "पाटील, तू हरला तं मॅच हरती. मी हरलो तं आमची सगळी वस्ती हरती... मंग ऐकून ठेव, उद्या बी मी तिथंच उभा राहनार हाये."

दुसऱ्या दिवशी तो उभा राहिला. मी अंगठ्याला पट्टी बांधून स्मॅशरच्या जागेवर गेलो. आयुष्यात एखादं शहाणपण केलं असेन तर ते हेच. गुरुजी आठवडाभर मैदानाकडे फिरकले नाहीत. मग आले, गपचूप बसले, आणि त्याच जागेवरून पुढं सुदाम जिल्ह्याच्या संघाचा कप्तान झाला. नंतर त्यानं गावातल्या मुलींचा संघ उभा केला, तेव्हाही लोक नावं ठेवत होते. त्यानं ठेवू दिली.

बॅनर मी स्वतः खाली उतरवला. दुसरा करून आणला. त्यावर नाव, आणि खाली एकच शब्द, लिफ्टर. काही जण रुसले, रुसू देत.

परवा संध्याकाळी मैदानावर गेलो. नेटजवळ सुदामच्या जागेवर मनीषा होती. एवढ्या वर्षांत तिथली माती पायांनी खोलगट झाली आहे. बॉल वर गेला आणि मी सवयीनं ओरडलो, चार नंबरला दे गं... तिनं वळून पाहिलं नाही. एक हात पाठीमागे नेला आणि उघडा पंजा दाखवला.

मी गुमान खाली बसलो.