नव्या टीव्हीवरची धूळ

आमचा मिरजेचा टीव्ही मेकॅनिक समोरच्याचं बोलणं संपायच्या आधीच "व्हय, व्हय" म्हणतो आणि बसा म्हटलं तरी उभाच राहतो. परवा नवा टीव्ही लावल्यावर मात्र बसला. लहानपणी कवठे महांकाळच्या तंबूत पाहिलेला भुताचा सिनेमा मी लावला होता. त्यानंही तो तिथंच पाहिलेला.

चित्र इतकं लख्ख, की चेटकिणीच्या रबरी मुखवट्याची कडा दिसली. माझा चेहरा पडला. त्यानं ते पाहिलं. पुढं हवेत तरंगणारं मुंडकं आलं, तसा तो फडकं घेऊन पडद्यासमोरच उभा राहिला.

"आवं, लय धूळ हाय."

टीव्ही तासापूर्वीच खोक्यातून काढलेला! मुंडकं गेल्यावरच तो हलला.

मुंडक्याला दोरी असेलही. मी सिनेमा मागं नेऊन बघितलं नाही. त्याच्या कृपेनं ते मुंडकं अजून अधांतरी आहे.